जॉन अब्राहम यांचे चार चित्रपट

प्रश्न : केरळचे दिवंगत दिग्दर्शक जॉन अब्राहम (हिंदी चित्रपटांतील अभिनेते नव्हेत) यांच्या एका तमिळ चित्रपटावरून वाद झाला होता, असे वाचनात आले. जेमतेम चार चित्रपट केलेल्या दिग्दर्शकाचे नाव जाणकार इतक्या आदराने का घेतात?

उत्तर : आपण ज्याचा उल्लेख करता, तो १९७७ सालचा ‘अग्रहारत्तिल कळुदै’, म्हणजे ब्राह्मणवस्तीतले गाढव. आई गमावलेले गाढवाचे एक पिल्लू एका प्राध्यापकाच्या आश्रयाला येते. तो ते आपल्या गावी, अग्रहारात नेऊन एका मुक्या मुलीच्या हवाली करतो. पुढे त्या मुलीचे मृत जन्मलेले मूल देवळापाशी सापडते, दोष गाढवावर येतो आणि गावकरी त्याला ठार मारतात. नंतर गावात काही चांगले घडू लागताच तीच माणसे त्या मेलेल्या गाढवाची पूजा मांडतात. या चित्रपटाला तमिळ भाषेतील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला; तरीही दूरदर्शनने त्याचे ठरलेले प्रक्षेपण विरोधापुढे नमून रद्द केले. एका जातीची निंदा म्हणून त्याच्याकडे पाहणे मला अन्यायाचे वाटते, कारण त्यातला खरा संताप आधी बळी घेऊन मग त्याच बळीला देव्हाऱ्यात बसवणाऱ्या वृत्तीवर आहे.

मात्र जॉन यांचे मोठेपण केवळ या वादात शोधू नये. आयुर्विमा महामंडळातली नोकरी सोडून ते पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये आले आणि तेथे त्यांना बंगाली दिग्दर्शक ऋत्विक घटक यांच्यासारखे गुरू लाभले. पहिला चित्रपट १९७२ मध्ये आला, तिसरा १९७९ मध्ये; पण निर्मात्याच्या पैशाबरोबर त्याची मर्जीही सांभाळावी लागते, ही अडचण त्यांनी ‘अम्मा अरियान’ (१९८६) करताना मुळापासूनच दूर केली. ‘ओडेसा’ नावाच्या गटातील त्यांचे सहकारी १६ मिलिमीटरचा प्रोजेक्टर घेऊन केरळातील गावोगाव फिरले, चॅप्लिनचा ‘द किड’ दाखवून त्यांनी लोकांकडून लहान लहान रकमा गोळा केल्या, आणि चित्रपट पूर्ण झाल्यावर तो तिकीटबारीकडे न नेता पुन्हा लोकांतच नेऊन दाखवला. भारतीय चित्रपटाच्या इतिहासात प्रेक्षकाला इतक्या सरळपणे निर्मात्याचा मान देणारी उदाहरणे फार थोडी आहेत, आणि आपल्या प्रश्नाचे माझ्यापुरते उत्तर हेच आहे.

पुढच्याच वर्षी, ३१ मे १९८७ रोजी, कोळिकोड येथे इमारतीवरून पडून त्यांचा मृत्यू झाला. पन्नाशीही उलटली नव्हती.

शक्य झाल्यास ‘अम्मा अरियान’ अवश्य पाहावा. वायनाडमध्ये मृतावस्थेत सापडलेल्या एका तरुण तबलावादकाच्या आईला ती बातमी कळवण्यासाठी एक तरुण कोचीकडे निघतो, वाटेत एकेक मित्र घरातून बाहेर पडून त्याला येऊन मिळतो, आणि कॅमेरा त्या प्रत्येकाच्या उंबऱ्याशी थोडा वेळ थांबतो.