धार्मिक नावे भाषेगणिक का बदलतात आणि त्यांतले शुद्ध नाव कोणते?

आपण विचारले आहे की, जपानमध्ये बुद्धाला 'बुत्सु', चीनमध्ये 'फो' आणि तिबेटमध्ये 'सांग्ये' का म्हणतात, आपल्याकडेही कोणी 'धर्म' लिहितो तर कोणी 'धम्म', मग यांतले शुद्ध रूप कोणते आणि बिघडलेले कोणते. प्रश्नातल्या त्या 'बिघडलेले' या शब्दामुळे मी उत्तर लिहायला बसलो आहे. याच एका शब्दावरून माझा आणि माझ्या थोरल्या भावाचा गेली तीस वर्षे वाद चालू आहे आणि याच शब्दापायी माझ्या मुलाला आपण आपणच आहोत हे राजपत्रात छापून सांगावे लागले आहे.

माझ्या मुलाचे नाव सिद्धत्थ. ते माझ्या वडिलांनी ठेवले. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी पांढरे कपडे घालून जे लाखो लोक आज ज्या जागेला दीक्षाभूमी म्हणतात तेथे गेले, त्यांत माझे वडील होते. पालीचा त्यांचा अभ्यास नव्हता, शाळाही चौथीपर्यंतच झालेली होती. परंतु बाबासाहेबांनी आपल्या ग्रंथाच्या नावातच 'धम्म' लिहिले आहे, तेव्हा आपल्या घरात 'धम्म'च लिहायचे आणि नातवाचे नावही त्याच भाषेतले असायचे, एवढे त्यांनी ठरवून टाकले होते. महानगरपालिकेच्या जन्मदाखल्यावर ते नाव जसेच्या तसे उतरले. १९९५ साली मुलाला पहिलीत घालण्यासाठी मी उत्तर नागपुरातल्या एका शाळेच्या खिडकीशी उभा राहिलो, तेव्हा मात्र अर्जावर नजर फिरवताच कारकून म्हणाले, "साहेब, रफार राहून गेला वाटते."

मी म्हणालो, "राहिला नाही. पाली आहे ते."

"पाली असो का काही असो, लिहाचं तर शुद्धच ना!" असे म्हणून त्यांनी माझ्यादेखत पेन उचलले, 'ध'ला काना दिला, अर्धा 'त' खोडला आणि 'थ'च्या डोक्यावर रफार ठेवला. अवघ्या तीन खुणा. मी आयुष्यभर एका दैनिकात मुद्रितशोधनाचे काम केले आहे आणि हात म्हणून पाहिला तर तो सफाईदार होता, हे आजही कबूल करतो. दुरुस्त केलेले नाव त्यांनी दाखलखारिज रजिस्टरात वळणदार अक्षरात उतरवले. मी काहीच बोललो नाही. प्रवेशाचा शेवटचा दिवस होता, माझ्यामागे तीस-चाळीस पालक उन्हात उभे होते आणि एका जोडाक्षरासाठी रांग अडवून धरण्याचे धैर्य माझ्यात नव्हते. त्या गप्प बसण्याची किंमत पुढे सतरा वर्षांनी वसूल झाली. पारपत्र काढताना जन्मदाखल्यावर सिद्धत्थ, शाळा सोडल्याच्या दाखल्यावर सिद्धार्थ, आणि रोमन लिपीत दोन ठिकाणी दोन वेगळी स्पेलिंगे, असा प्रकार निघाला. मग प्रतिज्ञापत्र, राजपत्र, वर्तमानपत्रातली जाहिरात, अशा फेऱ्या झाल्या. त्या जाहिरातीचे प्रूफ मीच वाचले.

शाळेतला प्रकार त्याच संध्याकाळी दादांना सांगितला, तर ते म्हणाले, "कारकुनाचे काय चुकले? मूळ शब्द 'सिद्धार्थ'. 'सिद्धत्थ' हे त्याचे बिघडलेले रूप." दादांनी तेहतीस वर्षे संस्कृत शिकवले. वाद तेथून सुरू झाला.

आता आपल्या प्रश्नाकडे येतो. 'धर्म'चे 'धम्म' होणे हा उच्चाराचा आळस नव्हे आणि अज्ञानही नव्हे. दोन वेगवेगळी व्यंजने एकत्र आली की मध्य भारतीय-आर्य भाषांत, म्हणजे पाली-प्राकृतांत, त्यांतले एक दुसऱ्यासारखे होते, हा नियम आहे आणि आपली मराठी याच नियमावर उभी आहे. सप्त, सत्त, सात. अष्ट, अट्ठ, आठ. हस्त, हत्थ, हात. कर्म, कम्म, काम. मराठीने एक पाऊल पुढे टाकून जोडाक्षर सोडले आणि आधीचा स्वर लांबवला, एवढाच फरक. 'घर्म' या शब्दाचे 'घम्म' होऊन आपला 'घाम' झाला. 'धर्म' आणि 'घर्म' यांत पहिल्या अक्षरापलीकडे काहीच वेगळे नाही. तरीही नागपूरच्या मे महिन्यात आजवर कोणाही शुद्धलेखनवाल्याला घर्म आलेला मी पाहिलेला नाही. घाम चालतो आणि धम्म खटकतो, याचे कारण व्याकरणात शोधू नये. ज्या कारकुनांनी 'सिद्धत्थ' खोडले त्यांनीच त्याच ओळीत जन्मतारीख अक्षरी लिहिताना 'आठ' लिहिले होते, हे मी दादांना निदान पन्नास वेळा ऐकवले आहे.

परभाषेत नाव जाते तेव्हा त्याच्यापुढे दोन वाटा असतात: ध्वनी उचलायचा किंवा अर्थ. तिबेटी लोकांनी अर्थ उचलला. 'सांग्ये' हे बुद्ध या शब्दाचे बिघडलेले रूप मुळीच नाही. जो निर्मळ झाला आणि उमलला, अशा आशयाचा तो त्यांच्या भाषेत घडवलेला शब्द आहे. चिनी लोकांनी ध्वनी उचलला. त्यांचे 'फो' आज बुद्धापासून कोसभर दूर वाटते, परंतु त्या अक्षराचा जुना चिनी उच्चार 'बुत'च्या जवळ जाणारा होता; चीनमध्ये तो बदलत गेला, तर जपानने उचललेला 'बुत्सु' आणि कोरियातला 'बुल' यांत तो अजून ओळखू येतो. व्हिएतनामी भाषेतला जुना शब्द तर सरळ 'बुत'च आहे. पश्चिमेला हाच शब्द इराणी भाषांत शिरला आणि फारसीत 'बुत' म्हणजे मूर्ती झाला. हिंदी-उर्दू गाण्यांतून आपण जो 'बुत' ऐकतो तो हाच. ज्याच्या नावावरून मूर्तीलाच नाव मिळाले, त्याच्याच नावापासून 'बुतशिकन', म्हणजे मूर्तिभंजक, हा शब्दही तयार व्हावा, यासारखा दुसरा विरोधाभास मला सांगता येणार नाही.

कित्येकदा एकाच मंत्रात दोन्ही वाटा भेटतात. वर्ध्याच्या विश्वशांती स्तूपावर जपानी परंपरेतले भिक्खू ढोलाच्या ठेक्यावर 'नमु म्योहो रेंगे क्यो' म्हणतात. त्यातला 'नमु' म्हणजे आपला 'नमो', ध्वनीसकट गेलेला आणि चीनमार्गे जपानपर्यंत पोहोचूनही ओळखू येणारा. उरलेला भाग मात्र 'सद्धर्मपुंडरीकसूत्र' या बौद्ध ग्रंथाच्या नावाचा अर्थाने केलेला अनुवाद आहे. तसेच 'ध्यान' या शब्दाचे. चीनमध्ये 'चान', कोरियात 'सोन', जपानमध्ये 'झेन'. हा प्रवास संस्कृत 'ध्यान'पासून सुरू झाला असे मानण्यापेक्षा पालीत आढळणाऱ्या 'झान'सारख्या रूपापासून झाला असे मानणे ध्वनीच्या दृष्टीने सोपे जाते. म्हणजे दादा ज्याला बिघडलेले म्हणतात, ते रूप अर्धे आशिया खंड ओलांडून गेले. हे मी त्यांना सांगितले तेव्हा ते म्हणाले, "पळून गेलेला मुलगा लांब गेला म्हणून थोरला होत नाही." उत्तर चांगले होते, मान्य करावे लागते.

सर्वांत लांबचा प्रवास 'बोधिसत्त्व', म्हणजे बोधी मिळण्याआधीचा बुद्ध, या शब्दाने केला. बुद्धाच्या गृहत्यागाची कथा मध्य आशियातून अरबीत गेली, तेव्हा नायकाचे नाव 'बूदासफ' असे झाले. अरबी लिपीत शब्दाच्या आरंभी येणाऱ्या 'ब'खाली एक नुक्ता असतो आणि 'य'खाली दोन. कोणा नकलनविसाच्या हातून एक नुक्ता जास्त पडला आणि 'यूदासफ' झाला. पुढे जॉर्जियन भाषेतून ग्रीकमध्ये 'इओआसाफ' आणि लॅटिनमध्ये 'जोसाफात'. या नावाचा ख्रिस्ती संत मध्ययुगीन युरोपात पूजनीय ठरला आणि रोमन परंपरेत त्याचा दिवस २७ नोव्हेंबर हा धरला गेला. संत जोसाफात म्हणून युरोप ज्याच्यापुढे हात जोडत होता, तो मुळात कोण होता हे शतकानुशतके कोणाला ठाऊक नव्हते. आमच्या शाळेच्या कारकुनांनी तीन खुणा केल्या; या नकलनविसाने एका टिंबात काम केले.

दादांच्या म्हणण्यावरचे माझे खरे उत्तर मात्र विनयपिटकात, म्हणजे भिक्खूंच्या नियमांच्या पाली ग्रंथात, आहे. त्यातल्या चुल्लवग्ग या भागात अशी कथा येते की, ब्राह्मण कुळात जन्मलेले दोन भिक्खू बुद्धाकडे गेले आणि म्हणाले की, नाना कुळांतले भिक्खू आपापल्या बोलीत बुद्धवचन बिघडवीत आहेत, तेव्हा आम्ही ते छन्दस् भाषेत, म्हणजे वैदिक वळणाच्या संस्कृतात, बसवतो. बुद्धाने त्यांची कानउघाडणी केली आणि 'सकाय निरुत्तिया', म्हणजे आपापल्या बोलीत, ते शिकण्याची अनुज्ञा दिली. 'बिघडवणे' हा आरोप किती जुना आहे आणि त्याचा निकाल कोणी दिला, हे यावरून दिसते. आपण शुद्ध नाव कोणते असे विचारता. मी म्हणेन, जो ते नाव घेतो त्याच्या तोंडी रुळलेले रूप शुद्ध. नागपुरातल्या इंदोरा भागातल्या विहारातले भंते मूळचे जपानी, त्यांचे नाव त्यांच्या भाषेत 'शूरेई'; आम्ही नागपूरकरांनी त्याचे 'सुरेई ससाई' केले आणि त्यामुळे त्यांच्याविषयीचा आदर तसूभरही कमी झाला नाही.

एवढे ठासून लिहिल्यावर काही गोष्टी जोडणे भाग आहे. 'सकाय निरुत्तिया' याचा अर्थ बुद्धघोष या जुन्या पाली भाष्यकाराने 'बुद्धाच्या स्वतःच्या भाषेत', म्हणजे मागधीत, असा लावला आहे. मी वर दिलेला अर्थ आधुनिक अभ्यासकांपैकी अनेकांना मान्य असला, तरी तो एकमेव नाही. शिवाय पाली ही जशीच्या तशी बुद्धाची बोली होती असेही म्हणता येत नाही. पूर्वेकडच्या बोलीत 'र'चा 'ल' होत असे; लुंबिनीच्या स्तंभावर अशोकाने स्वतःचा उल्लेख 'लाजिन', म्हणजे 'राजाने', असा केला आहे आणि त्याच स्तंभावर 'हिद बुधे जाते' असे कोरले आहे. म्हणजे येथे जन्मला तो 'बुधे'. दगडावरची ती जुनी साक्ष ना दादांच्या बाजूने पडते ना माझ्या. आणि 'सिद्धत्थ' हे व्यक्तिनाम पाली साहित्याच्या तुलनेने उत्तरकालीन थरांत येते. जुन्या सुत्तांत, म्हणजे उपदेशांत, लोक बुद्धाला 'गोतम' या गोत्रनावानेच हाक मारतात. ही गोष्ट मला कळून बारा वर्षे झाली. दादांना मी अजून सांगितलेली नाही.

दादांची बाजूही अर्धवट सांगणे बरे नव्हे. एकदा वाद वाढला तेव्हा ते म्हणाले होते, "आपल्या आजोबांच्या कानावर जी भाषा पडू दिली नाही, ती मी शिकलो आणि ज्यांनी पडू दिली नाही त्यांच्या नातवांना शिकवली. आता तू मला सांगतोस की ती आपली नव्हे?" त्यावर माझ्याजवळ उत्तर नव्हते, आजही नाही.

दुसरी गोष्ट मी घरात कोणालाच सांगितलेली नाही. शाळेतल्या त्या प्रसंगानंतर चार-पाच वर्षांनी माझ्याकडे एक निधनवार्ता तपासायला आली. कुटुंब ख्रिस्ती होते. मुलांची नावे पीटर, अल्बर्ट अशी आणि मृताचे नाव 'याकोब'. मला वाटले, जुळणी करणाऱ्याची चूक असावी, म्हणून मी ते 'जेकब' केले. दुसऱ्या दिवशी थोरला मुलगा कात्रण घेऊन कचेरीत आला. त्याने आवाज चढवला नाही. खिशातून वडिलांचे निवृत्तिवेतनाचे पुस्तक काढले आणि त्यावरची मराठी सही दाखवली: याकोब, शेवटच्या 'ब'चा पाय लांब ओढलेला. हिब्रू 'याकोव्ह', ग्रीक 'याकोबोस', अरबी 'याकूब', इंग्रजीत एका वाटेने 'जेकब' आणि दुसऱ्या वाटेने 'जेम्स', हे सर्व मला तेव्हा पाठ होते. मराठी बायबलात 'याकोब' आहे हेही ठाऊक होते. तरीही हात चालला. आम्ही तिसऱ्या दिवशी शुद्धिपत्र छापले, परंतु 'शुद्धिपत्र' हे शीर्षक मला त्या दिवशी वाचवेना.

आपण मुलाचे नाव ठेवण्यासाठी विचारत असाल, आणि बहुधा तसेच असावे, तर पाली रूप खुशाल ठेवा. फक्त जन्मदाखल्यावर देवनागरी आणि रोमन अशी दोन्ही रूपे पहिल्याच दिवशी पक्की करा, रोमनमध्ये दोन 't' येणार की एक हे घरात आधी ठरवून घ्या, आणि शाळेच्या अर्जाला दाखल्याची झेरॉक्स जोडून रजिस्टरात नाव चढेपर्यंत खिडकीपासून हलू नका. मागे कितीही मोठी रांग असली तरी.