लेकीचं चॅनेल आणि रात्रीचं लाइव्ह

प्रश्न : आम्ही दहा वर्षं जकार्ताजवळ बेकासीला आहोत, मी कापड गिरणीत नोकरीला. मुलगी १६ वर्षांची, अकरावीत. घरकामाची म्बाक (ताई) जावानीज बोलते, मुलगी मराठी. दोघी मिळून मिळतेजुळते शब्द शोधतात. आपली स्त्री म्हणजे इथे 'इस्त्री', बायको. आपला स्वामी म्हणजे 'सुआमी', नवरा. ते व्हिडिओ खूप चालतात, एकाला २० लाख व्ह्यूज आले. म्हणून मी तिला रोज रात्री ९ ते १२ टिकटॉकवर लाइव्ह करायला लावतो, कपडे विकले जातात. ती कुरकुरते, म्हणते मला सबटायटल करायलाच आवडतं. मार्क ६८ टक्क्यांवर आलेत. इथला यूट्यूबर अट्टा हालिलिन्तार याच्यासारखं मोठं व्हायला कोणता कोर्स द्यावा?

उत्तर : मार्कांचं नंतर बघू. 'करायला लावतो' हे तुमचेच शब्द आहेत आणि मला घोर लागलाय तो त्यांचा. शाळकरी पोर मध्यरात्रीपर्यंत अनोळखी लोकांना ओढण्या दाखवते आणि सकाळी पुन्हा शाळेत जाते. टिकटॉकवर लाइव्ह करायला १८ पूर्ण लागतात, म्हणजे जन्मतारीख तुमची आणि चेहरा तिचा. शिवाय ती तुमच्यावर अवलंबून म्हणून मिळालेल्या किटासवर, म्हणजे तात्पुरत्या निवास परवान्यावर, असणार. त्यावर इंडोनेशियात काम करून कमावता येत नाही. विक्रीचं कमिशन काय किंवा ब्रँडचं 'एंडोर्स' (पैसे घेऊन केलेली जाहिरात) काय, कामाचेच पैसे. इमिग्रेशनने विचारलं तर उत्तर तुम्हालाच द्यायचंय. लाइव्ह आजच बंद करा.

व्ह्यूज म्हणजे पैसा, हा समजही सोडा. अट्टाने २०१९ मध्ये यूट्यूबवर एक कोटी सबस्क्रायबर गाठले, खरं आहे. पण इंडोनेशियातल्या व्ह्यूजना जाहिरातीचा दर अमेरिकेच्या मानाने फारच कमी. म्हणून तिथले क्रिएटर एंडोर्स, सावेरिया या साइटवर चाहते देतात ती बक्षिसी आणि टिकटॉकच्या पिवळ्या टोपलीतली (व्हिडिओतल्या खरेदीच्या बटणावरची) विक्री यांवर चालतात. टोपलीचाही भरवसा नाही : सरकारी नियम बदलला आणि ४ ऑक्टोबर २०२३ ला टिकटॉक शॉप बंद पडलं, ते टोकोपेडिया या तिथल्या ऑनलाइन बाजाराशी जोडून १२ डिसेंबरला परत आलं. मधले दोन महिने तिथली विक्री शून्य. आणि गाजणं म्हणजे पोट भरणं नव्हे : इंडोनेशियातल्या गोरोन्तालोचा पोलिस नॉर्मन कामारू २०११ मध्ये 'छैया छैया'वर ओठ हलवून देशभर गाजला. त्याच वर्षी त्याची पोलिसातली नोकरी गेली.

तुम्ही जी कुरकूर म्हणून उडवलीत, ती मात्र मला फार मोलाची वाटते. 'तिलिक' ही जावानीज लघुफिल्म २०२० च्या ऑगस्टमध्ये यूट्यूबवर आली आणि कोट्यवधी वेळा पाहिली गेली. ट्रकच्या हौद्यात उभ्या राहून दवाखान्याला निघालेल्या बायकांच्या चहाड्या, बस. जावानीज न येणाऱ्यांना त्या कळल्या सबटायटलमुळे. हे काम बारीक आहे. जावानीजमध्ये बरोबरीच्याला 'कोवे', मानाच्या माणसाला 'पान्जेनेंगान'. इंडोनेशियनमध्ये दोन्हींचं सरसकट 'कामू' (तू) केलं की टोमणा तिथेच मरतो. 'तू' आणि 'आपण' यांतलं अंतर मराठी घरात वाढलेल्या मुलीला सांगावं लागत नाही. त्यात पडद्यावर एका वेळी दोनच ओळी, ओळीत चाळीसेक अक्षरं, आणि इंडोनेशियन शब्द उपसर्ग-प्रत्ययांनी लांबलचक होणारे. कुठला शब्द गाळायचा हे ठरवण्यातच खरं कसब आहे.

तिला जुन्यांतले तीन व्हिडिओ निवडू द्या, प्रत्येक तीन मिनिटांच्या आत. प्रत्येकाच्या दोन एसआरटी (सबटायटलच्या) फायली : एक इंडोनेशियन, एक इंग्रजी. मग आवाज बंद करून घरातल्या कुणाला तरी दाखवायचं. वाचून होण्याआधी ओळ गेली तर ती लांब आहे. हा तिचा पोर्टफोलिओ. आणि म्बाकला विचारलंत का, तिला व्हिडिओत यायचंय का?

बारावीनंतर शिकायला जकार्तात आयकेजे ही कलासंस्था, जकार्ताजवळ सर्पोंगला यूएमएन हे मल्टिमीडिया विद्यापीठ, भारतात एनआयडी ही डिझाइन संस्था. प्रवेशाच्या तारखा आत्ताच बघून ठेवा. झोप पूर्ण झाली की मार्कही बरेचसे सावरतील.

पुढचं पत्र तिला लिहू द्या. पाठवण्याआधी तुम्ही वाचू नका.