सोलापुरात स्टेशनजवळ हॉटेल टाकायचं तर आता गिऱ्हाईक कोण, आणि कामाला माणसं मिळतात का?

गिऱ्हाईक मुख्यतः देवदर्शनाचं. अक्कलकोट, तुळजापूर, पंढरपूर, गाणगापूर असा फेरा करणारी कुटुंबं सोलापुरात मुक्काम टाकतात. त्यांना स्विमिंग पूल नको असतो. एका खोलीत आजीसकट पाच जणांची सोय, पहाटे चारला गरम पाणी आणि गाडी लावायला जागा हवी असते. एवढं चोख दिलंत तर तीच माणसं पुढच्या वर्षी थेट फोन करतात, बुकिंग ॲपचं कमिशन वाचतं. फेब्रुवारी 2023 पासून मुंबईची वंदे भारत रात्री उशिरा इथे पोचते, म्हणून रिसेप्शनला रात्रपाळी हवीच. 7500 रुपयांपर्यंतच्या खोलीवर सप्टेंबर 2025 पासून जीएसटी 12 वरून 5 टक्के झाला, पण इनपुट क्रेडिट, म्हणजे खरेदीवर भरलेला जीएसटी आपल्या करातून वजा करायची सोय, मिळत नाही. फर्निचर, एसी घेताना तो हिशेब आधी करा.

खरी अडचण माणसांची. हॉटेल मॅनेजमेंट शिकलेली पोरं पुण्या-मुंबईला जातात, आणि बारा-बारा तास राबवून तुटपुंजा पगार दिला तर का थांबतील? आठ तासांची पाळी, आठवड्याची सुट्टी, पीएफ द्या. भाकरी थापायला आसपासच्या बायका ठेवा, आणि त्यांनाही पगार वेळेवर द्या. पाहुणा खोली विसरेल, कडक भाकरी-शेंगा चटणी नाही.