मासा 'फॉस्फरसने' चमकत नाही हो

खोल समुद्रातल्या माशांच्या उजेडाला 'स्फुरदीप्ती' म्हटलं तर चालेल का, असं विचारलंय. नाही चालणार. जीवदीप्ती म्हणा, म्हणजे जिवाने स्वतःच तयार केलेला उजेड.

इथे गोव्यात रात्री लाट जरा निळी चमकली की "फॉस्फरस, फॉस्फरस" सुरू, कान किटले. अहो, ते बहुतेकदा नॉक्टिल्यूका नावाचे एकपेशीय जीव असतात. स्फुरदीप्ती म्हणजे आधी उजेड पिऊन घ्यायचा आणि मग हळूहळू सोडायचा, छताला चिकटवायच्या त्या प्लॅस्टिकच्या चांदण्यांसारखं. आता हजार मीटरखाली ऊनच पोचत नाही, तिथे मासा पिणार काय? त्यांचा उजेड रासायनिक, ल्युसिफेरिन नावाच्या द्रव्याचा ऑक्सिजनशी संयोग होतो आणि ल्युसिफेरेज हे एन्झाइम तो घडवून आणतं. त्याहून वरच्या थरात राहणारा लँटर्नफिश पोटाखालचे दिवे वरून येणाऱ्या अंधुक उजेडाइतकेच ठेवतो, म्हणजे खालच्या शिकाऱ्याला त्याची सावली दिसत नाही. अँग्लरफिशची मादी तर डोक्यावरच्या गळाच्या टोकाला चमकणारे बॅक्टेरियाच पाळते. आणि गंमत म्हणजे खुद्द पांढरा फॉस्फरस चमकतो तोही ऑक्सिजनमुळेच, म्हणजे 'स्फुरदीप्ती' हा शब्द स्फुरदालाच (फॉस्फरसलाच) नीट लागू नाही!

पण खरी मजा पुढे आहे. 'फॉस्फरस' हा संस्कृत 'स्फुर्'वरून ग्रीकांनी उचलला असं छातीठोकपणे सांगणारे विद्वान आहेत, त्यांनी कृपया एकदा कोश उघडावा. ग्रीक फोस म्हणजे उजेड, तो आपल्या 'भा'चा (प्रभा, भास्कर) सख्खा भाऊ, आणि फोरोस म्हणजे वाहणारा, तो 'भृ'चा. जुळवलंच तर 'भाभर' होईल! लॅटिनमधला ल्युसिफरही तसाच, ल्युक्‌ म्हणजे आपला 'रुच्', चमकणे, आणि फेर पुन्हा 'भृ'. दोन्ही शब्दांचा अर्थ उजेड वाहणारा आणि दोन्ही नावं पहाटेच्या शुक्राची. फ्रेंच शास्त्रज्ञ राफाएल द्युबुआने 1880च्या दशकात ल्युसिफेरिन हे नाव दिलं ते या 'उजेड वाहणारा'वरून, ल्युसिफर हे सैतानाचंही नाव म्हणून उगाच सैतान शोधू नका. म्हणजे जे 'फॉस्फरस' म्हणतात ते रसायनात सपशेल चुकतात आणि व्युत्पत्तीत नकळत शेजारच्या घरात शिरतात.

राहिला 'स्फुरद'. तो नुसता उच्चाराची नक्कल आहे म्हणून नाक मुरडतात, मला तसं वाटत नाही. ज्याने घडवला त्याचा कान तयार होता, 'स्फुर्'मध्ये थरथरणं आहे तसं चमकणंही आहे, बाहू स्फुरतात, कविता स्फुरते, आवाजही जुळला आणि अर्थही, आणखी काय हवं?

आणि 'फ्लुरोसंट मासा' लिहिणाऱ्यांनो, प्रवाळातले काही मासे खरंच तसे असतात, पण त्यांना आधी बाहेरचा उजेड लागतो, ते प्रकरण वेगळं.