जर्मन चित्रकार कार्ल फोन पिलोटी विद्यार्थ्यांना नेमकं काय शिकवायचे? आणि त्यांच्या चित्रातल्या जर्मन नावांचे अर्थ काय?

तुम्ही दोन वेगळे प्रश्न एकत्र विचारलेत. माझा अंदाज असा की तुम्ही कुठेतरी पिलोटींचं ‘थुस्नेल्डा’ हे चित्र पाहिलंत आणि खाली लिहिलेली नावं वाचून गोंधळलात. माझंही तसंच झालं होतं. मी चित्रकलेचा डिप्लोमा केला आणि पोटापाण्यासाठी जर्मन शिकवतो, त्यामुळे दोन्ही बाजूंना थोडंथोडं तोंड घालतो.

आधी वर्गाचं. पिलोटी म्युनिकचेच, जन्म 1826 चा. वडील शिळाछापाचा व्यवसाय करणारे, म्हणजे दुसऱ्यांच्या चित्रांच्या हुबेहूब प्रती काढणं हे घरातलंच काम. 1855 मध्ये त्यांनी ‘वालेनश्टाइनच्या मृतदेहापुढे सेनी’ हे चित्र केलं. खून झालेला सेनापती जमिनीवर पडलाय आणि त्याचा ज्योतिषी नुसता बघत उभा आहे. चित्र गाजलं, आणि पुढच्याच वर्षी, वयाच्या तिसाव्या वर्षी, ते म्युनिकच्या अकादमीत प्राध्यापक झाले. 1874 पासून 1886 मध्ये मृत्यू येईपर्यंत ते तिथले संचालक होते.

त्या अकादमीची शिडी ठरलेली होती. पहिल्यांदा ‘अँटिक’चा वर्ग: प्लास्टरचे ग्रीक-रोमन पुतळे समोर ठेवून रेखाटन. आपल्याकडे जुन्या कलाशाळांत जे चालायचं तेच. मग जिवंत मॉडेलवरून डोकं, हात, पूर्ण देह. मग रंगकामाचा वर्ग. हे सगळं पार केल्यावरच एखाद्या नामवंत प्राध्यापकाच्या रचनावर्गात प्रवेश, आणि पिलोटींचा वर्ग तो हाच. ज्यांनी एलिमेंटरी-इंटरमिजिएटला स्थिरचित्र, स्मरणचित्र असे वेगवेगळे पेपर दिलेत त्यांना हे तुकडे पाडणं ओळखीचं वाटेल.

पिलोटींनी यात वेगळं काय केलं? त्यांच्या आधीच्या पिढीत म्युनिकमध्ये कोर्नेलिउस आणि काउलबाख यांचा शब्द चाले. त्यांच्या लेखी चित्र म्हणजे विचार आणि रेषा. मोठ्या कागदावर कोळशाने आराखडा झाला की खरं काम संपलं, रंग मागाहून भरायचा. पिलोटी बेल्जियम आणि पॅरिसची ऐतिहासिक चित्रं बघून आलेले. त्यांनी हे उलटं केलं. मखमल मखमलीसारखी दिसली पाहिजे, चिलखतावर उजेड कुठून येतोय ते कळलं पाहिजे, मेलेल्या हाताचा रंग जिवंत हातासारखा नको. प्रत्येक डोक्याचा, प्रत्येक चुणीचा अभ्यास वेगळा करायचा, मग ते सगळं एका प्रकाशात बांधायचं. यातला शेवटचा भागच अवघड. पुष्कळांच्या चित्रांत अभ्यास उत्तम असतात आणि चित्र मात्र उभं राहत नाही.

टीकाही भरपूर झाली. म्युनिकमध्येच काम करणारे चित्रकार श्विंट त्यांना भेटले की विचारायचे म्हणे, यंदा कुठला अपघात रंगवताय? टोमणा अगदीच चुकीचा नव्हता. खून, फाशीच्या आदल्या रात्री, पराभव असलेच विषय पिलोटींना आवडत. मलाही त्यांची काही चित्रं नाटकाच्या तिसऱ्या अंकासारखी वाटतात, सगळे एकाच वेळी दचकलेले.

पण शिक्षक म्हणून मी त्यांना वरचे मार्क देतो, आणि त्याचं कारण त्यांचे विद्यार्थी. माकार्टला व्हिएन्नाच्या अकादमीने नापास ठरवून घालवला होता. पिलोटींकडे शिकून तोच पुढे व्हिएन्नाचा सगळ्यात झगमगता चित्रकार झाला. (त्याने डांबरी तपकिरी रंग इतका वापरला की कित्येक चित्रं आज काळवंडून तडकलीत. तो गुण गुरूंच्या पदरात घालायचा की नाही ते तुम्ही ठरवा.) लेनबाख व्यक्तिचित्रांत गेला. डेफ्रेगर आल्प्समधल्या टिरोलच्या शेतकऱ्याचा मुलगा, तो शेतकरीच रंगवत राहिला. ग्र्युत्सनरने दारू चाखणारे मठवासी रंगवले, गाब्रिएल माक्स गूढात शिरला. लाइब्लने तर इतिहासाकडे पाठच फिरवली आणि खेड्यातली माणसं जशी दिसतात तशी काढली. अमेरिकन विल्यम मेरिट चेस शिकायला आला तेव्हा पिलोटींनी आपल्या पाच मुलांची चित्रं त्यालाच काढायला सांगितली. एकाही नावापुढे ‘गुरूची नक्कल’ असा शेरा मारता येत नाही. मुली मात्र या यादीत शोधू नका. या अकादमीत त्यांना रीतसर प्रवेश मिळाला तो 1920 मध्ये.

आता नावं. जुनी जर्मन नावं बहुतेक दोन तुकड्यांची असतात आणि तुकडे ठरलेल्या साठ्यातून उचललेले असतात: युद्ध, विजय, कीर्ती, सत्ता, भाला, लांडगा, अस्वल. विल्हेल्म म्हणजे इच्छा आणि शिरस्त्राण. बेर्नहार्ड म्हणजे अस्वल आणि कणखर. इंटरनेटवरच्या याद्या इथेच फसवतात, कारण त्या दोन तुकड्यांचं वाक्य करतात: ‘अस्वलासारखा शूर’ वगैरे. तसा अर्थ लावायचाच नसतो. गुनहिल्ड हे नाव घ्या, दोन्ही तुकड्यांचा अर्थ लढाईच. लढाई-लढाई! जुन्या जर्मन काव्यात आजोबा हेरिब्रांड, बाप हिल्डेब्रांड, मुलगा हाडुब्रांड आहेत. ‘ब्रांड’ म्हणजे तलवार, तो तुकडा घराण्याचा, सुरुवातीचा तेवढा बदलायचा. हल्ली आपल्याकडे आईबाबांच्या नावांतलं एकेक अक्षर जोडून बाळाचं नाव करतात ना, त्याचं हे भारदस्त रूप समजा.

आपल्याला यात एक गंमत जास्तीची मिळते, कारण यातले बरेच तुकडे संस्कृतचे चुलतभाऊ आहेत. लुडविगमधला ‘लुड’ म्हणजे प्रसिद्ध, आपला ‘श्रुत’. फ्रीडरिशमधला ‘फ्रीड’ म्हणजे शांतता, नातं ‘प्रिय’शी, आणि ‘रिश’ केल्टिक वाटेने आलेला ‘राजा’. वोल्फ म्हणजे ‘वृक’, आपल्या वृकोदरातला.

खुद्द कार्ल मात्र एकाच तुकड्याचा आणि अगदी साधा: पुरुष, स्वतंत्र माणूस. त्याच मुळापासून आलेला जर्मन ‘केर्ल’ म्हणजे गडी. पण कार्ल नावाचा सम्राट इतका मोठा झाला की चेक आणि पोलिश भाषांत राजाला शब्दच त्याच्या नावावरून पडला, क्राल, क्रुल. गड्याचा राजा झाला. पिलोटी हे आडनाव इटालियन वळणाचं, ते या हिशेबात धरू नका. हान्स (माकार्ट) आणि गाब्रिएलही नाहीत, ती बायबलमधून आलेली हिब्रू नावं.

आता चित्र. इसवी सन 9 मध्ये आर्मिनियुस या जर्मन सरदाराने रोमच्या तीन लीजन, म्हणजे सैन्याच्या मोठ्या तुकड्या, ट्यूटोबुर्गच्या जंगलात कापून काढल्या. त्याची बायको थुस्नेल्डा. तिचा बाप सेगेस्टेस रोमच्या बाजूचा. त्याने गरोदर लेकीला रोमन सेनापती गेर्मानिकुसच्या हवाली केलं. इसवी सन 17 मध्ये रोममध्ये विजयाची मिरवणूक निघाली, तीत थुस्नेल्डा लहानग्या मुलासकट चालवली गेली, आणि बाप मानाच्या जागेवरून बघत होता. पिलोटींनी 1873 मध्ये पुरं केलेलं हे चित्र जवळजवळ 5 मीटर उंच आणि 7 मीटर रुंद आहे. जर्मनी एक होऊन दोनच वर्षं झाली होती, आणि रोमला हरवणारा आर्मिनियुस तेव्हा जर्मनांचा राष्ट्रीय नायक मानला जायचा.

ग्रीक लेखक स्ट्राबोने त्या मिरवणुकीतल्या कैद्यांची नावं दिलीत. थुस्नेल्डाचा भाऊ सेगिमुंडुस, आणि तिचा काका सेगिमेरुस याचा मुलगा. आता बापाचं नाव पुन्हा वाचा: सेगेस्टेस. ‘सेगि’ म्हणजे विजय, आजचा जर्मन ‘झीग’, आपल्या ‘सहस्’चा नातेवाईक. सेगिमुंड म्हणजे विजय आणि रक्षण, सेगिमेर म्हणजे विजय आणि ख्याती. सेगेस्टेसच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या ‘विजय’ वाटला गेला, आणि त्या घरातले अर्धे लोक साखळीत चाललेत, उरलेला एक प्रेक्षकांत बसलाय. मी 2016 मध्ये म्युनिकच्या नॉये पिनाकोथेकमध्ये या चित्रापुढे उभा होतो तेव्हा हे मला माहीत नव्हतं. मी कापडाच्या चुण्याच बघत बसलो, डिप्लोमावाला शेवटी. संग्रहालय दुरुस्तीसाठी 2018 च्या अखेरीस बंद झालं, म्हणून लगेच तिकीट काढू नका.

थुस्नेल्डा या नावाच्या पहिल्या अर्ध्या भागावर अभ्यासकांचं एकमत नाही, त्यामुळे कुणी छातीठोक अर्थ सांगितला तर सोडून द्या. पण नावाचं पुढे काय झालं ते पक्कं माहीत आहे. आजच्या जर्मनमध्ये नटव्या, उथळ मुलीला हिणवून ‘टुसी’ म्हणतात. तो थुस्नेल्डाचाच उरलेला तुकडा. माझ्या वर्गातली पोरं हा शब्द पहिल्या महिन्यात शिकून येतात, कुठून ते विचारू नका, आणि मग मला त्यांना ते सात मीटरचं चित्र मोबाइलवर दाखवावं लागतं.