आईस डान्समधली (बर्फावर स्केट्स घालून जोडीने नाचायचा खेळ) खेळाडू दुसऱ्या देशाकडून ऑलिंपिक खेळू शकते का?

हो, पण त्या देशाचं नागरिकत्व लागतं. जागतिक स्पर्धेत जोडीतल्या एकाकडे ते असलं तरी चालतं. ऑलिंपिकमध्ये मात्र दोघांकडेही हवं. सगळी अडचण इथेच होते.

टॅनिथ बेलबिनचं उदाहरण घ्या. ती मूळची कॅनडाची. आईस डान्सला जोडीदार लागतो आणि मनासारखा जोडीदार मिळणं फार कठीण. तिला तो अमेरिकेत सापडला, बेन अगोस्तो. १९९८ पासून दोघं एकत्र खेळू लागले. २००२ साली ते ज्युनिअर जगज्जेते झाले, २००४ आणि २००५ मध्ये अमेरिकेचे विजेते आणि २००५ मध्ये जागतिक स्पर्धेत रौप्य! एवढं सगळं अमेरिकेच्या नावावर, तरी ऑलिंपिकचं दार तिला बंद, कारण पासपोर्ट कॅनडाचा.

नेहमीच्या नियमाने तिला नागरिकत्व मिळेपर्यंत २००६चं ट्युरिन ऑलिंपिक होऊन गेलं असतं. शेवटी अमेरिकी संसदेने कायद्यात खास तरतूद केली आणि ३१ डिसेंबर २००५ ला तिने नागरिकत्वाची शपथ घेतली. दीड-दोन महिन्यांत ट्युरिनमध्ये दोघांनी रौप्यपदक जिंकलं. आईस डान्समध्ये अमेरिकेला १९७६ नंतर पहिल्यांदाच पदक मिळालं होतं. मला तर त्या पदकापेक्षा त्याआधीची ७-८ वर्षं मोठी वाटतात. ऑलिंपिक खेळायला मिळेल याची खात्री नसताना रोज पहाटे बर्फावर उतरायचं, आणि जोडीदारानेही दुसरी कुणी न शोधता थांबायचं.

२०१०च्या व्हँकुव्हर ऑलिंपिकमध्ये ते चौथे आले आणि त्याच वर्षी निवृत्त झाले.