मोगलाईच्या सरहद्दीवरचा माहितीपट

प्रश्न : माझे आजोळ बार्शीचे. सध्या मी पुण्यात संकलक म्हणून नोकरी करतो. निजामाचे राज्य आणि मुंबई इलाखा यांच्यामधील जुन्या सरहद्दीवर माहितीपट करावा आणि पुढेही याच विषयात राहावे, अशी इच्छा आहे. त्यावर चरितार्थ चालेल का? सुरुवात कोठून करावी? – एक वाचक, कोथरूड

उत्तर : केवळ माहितीपटांवर घर चालणे कठीण आहे, म्हणून संकलनाचे काम सोडू नका. या क्षेत्रातील बहुतेक जण अध्यापन किंवा संस्थांसाठी चित्रपट करून स्वतःच्या विषयाला वेळ आणि पैसा पुरवतात.

विषय मात्र तुमच्या आजोळच्या दारातच आहे. बार्शी तालुका इंग्रजी अमलाखाली आणि भोवती मोगलाई, म्हणजे निजामाचे राज्य. १८९७ मध्ये सुरू झालेली बार्शी लाइट रेल्वे १९११ मध्ये निजामाच्या हद्दीतून लातूरपर्यंत पोचली. व्यवहारात सात हालींना (निजामाच्या रुपयांना) सहा कलदार (इंग्रजी रुपये) असा भाव असे, माल हद्दीपलीकडे नेताना करोडगिरीच्या, म्हणजे निजामाच्या जकात खात्याच्या, नाक्यावर जकात द्यावी लागे आणि १९४७-४८ मध्ये याच सरहद्दीलगत हैदराबाद मुक्तिसंग्रामाची शिबिरे उभी राहिली.

सुरुवात माणसांपासून करा, कारण सप्टेंबर १९४८ मध्ये, निजामाचे राज्य संपले तेव्हा, दहा वर्षांचे असलेले आज पंच्याऐंशीच्या पुढे आहेत. कागद थांबतील, ही माणसे थांबणार नाहीत. ‘रझाकारांविषयी (निजामाच्या बाजूच्या सशस्त्र संघटनेविषयी) सांगा’ असे विचारलेत, तर दर १७ सप्टेंबरला, मुक्तिसंग्राम दिनी, होणाऱ्या भाषणांतलेच पुन्हा ऐकायला मिळण्याचा संभव अधिक. त्याऐवजी नाका कोठे होता, मीठ आणि कापड कोठून येई, लेकी कोणत्या बाजूला दिल्या, असे विचारा, म्हणजे ज्याची त्याची स्वतःची आठवण बोलू लागेल. मुसलमान कुटुंबांकडेही तितक्याच आस्थेने जा. पोलीस कारवाईनंतर, म्हणजे भारतीय फौजांनी सप्टेंबर १९४८ मध्ये हैदराबाद ताब्यात घेतल्यानंतर, मुसलमानांच्या हत्या झाल्या; भारत सरकारने पाठवलेल्या पंडित सुंदरलाल यांच्या समितीने उस्मानाबाद, गुलबर्गा, बिदर आणि नांदेड या जिल्ह्यांना त्यांची सर्वाधिक झळ पोचल्याचे नोंदवले होते. रझाकारांचे अत्याचार सांगून त्यानंतरच्या हत्यांविषयी मौन पाळणारा माहितीपट अर्धवट राहील, आणि गावातील जाणती माणसे ते लगेच ओळखतील. मुलाखतीपूर्वी लेखी संमती घ्या, ध्वनिमुद्रणाची एक प्रत त्या घरी द्या.

कागदपत्रांसाठी पुण्यातील पुराभिलेखागार आणि भारत इतिहास संशोधक मंडळ जवळ आहेत. निजामाच्या बाजूचे दप्तर हैदराबादला तारनाक्याच्या अभिलेखागारात असून त्यात फारसी आणि उर्दू कागद विपुल आहेत, तेव्हा त्या भाषांचा जाणकार सोबतीला हवा. जुन्या चित्रफितींची चौकशी लॉ कॉलेज रस्त्यावरील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात करा. वापराचे शुल्क आणि अटी लेखी मिळाल्याशिवाय एकही चित्रफीत संकलनात घेऊ नका.

पहिला माहितीपट बार्शी ते परांडा एवढ्याच टापूचा असावा. पैठण–नेवाशाकडील गोदाकाठ हा दुसऱ्या चित्रपटाचा विषय आहे.